आधी आवाज, मग चेहरा

रोममध्ये सांत आंद्रेआ देल्ला व्हाल्ले नावाचं मोठं चर्च आहे. बाहेर बसगाड्यांची वर्दळ, आत शिरलं की एकदम थंड आणि उंच. पुच्चीनींच्या ‘तोस्का’ या ऑपेराचा पहिला अंक इथे घडतो. म्हणून ऑपेराचे शौकीन आत येतात आणि दोन्ही बाजूंच्या छोट्या प्रार्थनाकक्षांमधलं, म्हणजे कपेलांमधलं, अत्तावांती घराण्याचं कपेल कोणतं ते शोधत फिरतात. ते सापडत नाही, कारण ते फक्त संहितेत आहे. मीही ते शोधलं आणि मग मधल्या बाकावर बसून वेगळाच हिशेब करत राहिले. कॅमेरे कुठे लावले असतील? गायकाला संगीतसंचालक दिसावा म्हणून पडदे कोणत्या खांबांमागे दडवले असतील?

११ जुलै १९९२ला दुपारी याच चर्चमध्ये ‘तोस्का’चा पहिला अंक सादर झाला आणि त्याच क्षणी शंभराहून अधिक देशांत दूरचित्रवाणीवर दिसला. दुसरा अंक त्याच संध्याकाळी फार्नेझे राजवाड्यात, तिसरा दुसऱ्या दिवशी पहाटे कास्तेल सांत आंजेलोच्या गच्चीवर. संहितेत जी जागा आणि जी वेळ लिहिली आहे, तिथेच आणि तेव्हाच. वाद्यवृंद मात्र यांपैकी कुठेच नव्हता. तो शहरातच दुसरीकडे, इटालियन नभोवाणीच्या सभागृहात बसला होता. त्याच्यासमोर उभे होते आपल्या मुंबईचे झुबिन मेहता. गायकांना मेहता छोट्या पडद्यांवर दिसत होते आणि वाद्यवृंद लपवलेल्या स्पीकरांतून ऐकू येत होता.

संपादकांनी नियतकालिकाच्या या अंकासाठी ‘गाणारी माणसं आणि सिनेमा’ असा विषय दिला, तेव्हा मला सर्वांत आधी त्या दुपारचा स्कार्पिया आठवला. रोमचा क्रूर पोलीसप्रमुख. चर्चमध्ये प्रार्थना चालू असताना एका स्त्रीची अभिलाषा बोलून दाखवणारा. ती भूमिका गात होते रुज्जेरो राइमोंदी.

चित्रित झालेल्या ऑपेरांत काम केलेले गायक पुष्कळ आहेत. दोमिंगोंचं नाव तर सगळ्यांना ठाऊक आहे. तरी मी राइमोंदींना निवडलं. १९७९ ते २०१० या काळात ऑपेरा पडद्यावर आणण्याच्या जेवढ्या म्हणून रीती निघाल्या, त्यांतल्या बहुतेक सगळ्यांतून हा माणूस गेला आहे. आधी गाऊन ठेवायचं आणि मग ओठ हलवायचे, प्रत्यक्ष जागी थेट गायचं, स्टुडिओतलं गाणं आणि सेटवरचा अभिनय एकाच चित्रपटात शेजारी-शेजारी दाखवायचे, हे सगळं त्यांनी केलं. एका माणसाच्या कामातून हा सगळा कारखाना आतून बघता येतो.

लाजरा गायक

राइमोंदींचा जन्म १९४१चा, बोलोन्याचा. आवाज खर्जाकडे झुकलेला, बेस-बॅरिटोन. १९६४मध्ये स्पोलेतोला ‘ला बोएम’मधल्या कोलीनच्या भूमिकेतून ते रंगमंचावर आले, त्यानंतर व्हेनिसच्या ला फेनीचे नाट्यगृहाने त्यांना घडवलं. आवाजाबद्दल कोणाचीच तक्रार नव्हती. अडचण शरीराची होती. उंचपुरा तरुण, स्वभावाने अतिशय लाजाळू, रंगमंचावर हातांचं काय करावं ते कळत नाही. दिग्दर्शक पिएरो फाज्जोनी यांनी त्यांना अभिनयाचे धडे दिले आणि तो अवघडलेपणा घालवला. १९६९मध्ये इंग्लंडमधल्या ग्लाइंडबोर्न महोत्सवात ते मोत्सार्टचा डॉन जोव्हान्नी गायले आणि ती भूमिका त्यांच्या नावाला चिकटली.

लाजऱ्या माणसाला एक सवय असते. तो बोलण्याआधी समोरच्याला न्याहाळतो. रंगमंचावर या सवयीचा फारसा उपयोग नाही, कारण न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटनसारख्या साडेतीन हजारांवर खुर्च्या असलेल्या नाट्यगृहात शेवटच्या रांगेला डोळे दिसतच नाहीत. कॅमेऱ्याला मात्र तेच हवं असतं. राइमोंदींच्या चित्रपट कारकिर्दीचं मूळ मला या न्याहाळण्यात दिसतं.

विचेंझाची टेकडी

पॅरिस ऑपेराचे प्रमुख रोल्फ लीबरमान यांच्या मनात ‘डॉन जोव्हान्नी’वर चित्रपट करायचा होता. गोमाँ कंपनीचे दानिएल तोस्कां द्यु प्लांतिए निर्माते झाले आणि दिग्दर्शन आलं जोसेफ लोझी यांच्याकडे. लोझी मूळ अमेरिकन. डाव्या विचारांमुळे हॉलिवूडने वाळीत टाकल्यावर युरोपात येऊन राहिलेले. त्यांनी कथा सेव्हिलमधून उचलली आणि उत्तर इटलीतल्या विचेंझाच्या परिसरात, वास्तुकार पाल्लादिओने बांधलेल्या इमारतींत नेऊन ठेवली.

यांतली मुख्य इमारत म्हणजे व्हिला रोतोंदा. गावाबाहेरच्या टेकडीवरचं सोळाव्या शतकातलं घर. चारही बाजूंना अगदी सारखे खांबांचे दर्शनी भाग, प्रत्येकासमोर रुंद पायऱ्या, मध्ये घुमटाखालचं गोल दालन. कुठल्याही बाजूने गेलं तरी आपण पुढच्याच दाराशी आलो असं वाटतं. आजही ते खाजगी मालकीचं आहे आणि लोकांना बघायला खुलं असतं. चित्रपटात याच पायऱ्यांवर नोकर लेपोरेल्लो मालकाच्या प्रेमप्रकरणांची यादी वाचून दाखवतो. एकट्या स्पेनमध्ये एक हजार तीन. लोझींनी ती यादी खरोखरची लांबलचक केली आणि पायऱ्यांवरून खाली उलगडत नेली. दोना एल्व्हिरा झालेल्या किरी ते कनावा त्या कागदाकडे बघत उभ्या आहेत आणि गातोय लेपोरेल्लो, म्हणजे जोसे फान दाम. पायऱ्यांपाशी उभं राहिल्यावर मला जाणवलं की हा प्रसंग नाट्यगृहात एवढ्या लांबीचा होऊच शकला नसता.

हे गाणं मात्र त्या पायऱ्यांवर गायलेलं नव्हतं. लोरिन माझेल यांच्या हाताखाली पॅरिसमध्ये सगळी गाणी आधीच ध्वनिमुद्रित झाली होती. चित्रीकरणाच्या जागी ती स्पीकरवर लावायची आणि गायकाने स्वतःच्याच आवाजावर ओठ हलवायचे. दोन गाण्यांमधले, फक्त हार्पसिकॉर्डच्या साथीवर बोलल्यासारखे गायचे भाग तेवढे जागेवर थेट घेतले. लक्ष देऊन ऐकलं तर फरक कळतो. थेट भागांत आवाजाला भिंती आहेत, दगड आहे. गाणं सुरू झालं की भिंती नाहीशा होतात. हा सांधा बऱ्याच समीक्षकांना खटकला. मला तो आवडतो, कारण तिथे दोन वेगवेगळ्या दिवसांचं काम एकमेकांना जोडलेलं दिसतं.

राइमोंदींचा जोव्हान्नी पांढुरकी रंगभूषा केलेला आहे. डोक्यावर टोप, डोळे थंड. खिदळत मजा मारणारा विलासी पुरुष इथे नाही. सगळं बघून कंटाळलेला, तरीही थांबता न येणारा माणूस आहे. सोबत काळ्या पोशाखातला, एकही शब्द न बोलणारा एक तरुण सेवक सतत वावरतो. हे पात्र मोत्सार्टकडे नाही, लोझींनी घातलेलं आहे. शेवटी जोव्हान्नी नरकाऐवजी काच वितळवणाऱ्या भट्टीच्या ज्वाळांत जातो.

कॅमेरा क्रूरही होता. खेडवळ, कोवळी झेर्लिना गायल्या तेरेसा बेर्गान्झा, तेव्हा पंचेचाळिशीच्या आसपास. नाट्यगृहात तेवढं अंतर असलं की आवाज जे वय सांगेल ते प्रेक्षक मानतो. पडद्यावर तसं होत नाही. गायकाने ज्या भूमिका वीस-वीस वर्षं बिनधास्त केल्या, त्या चित्रपटाच्या काळात त्याच्या हातून निसटू लागतात. राइमोंदी तेव्हा सदतिशीचे होते. वय आणि भूमिका त्यांच्या बाबतीत एकदाच जुळून आली आणि तीही कॅमेरा चालू असताना.

श्वास कुठे दिसतो

‘ओठ हलवणं’ हा शब्दप्रयोग आपण फार सहज वापरतो. हिंदी-मराठी सिनेमात वाढलेल्या माणसाला यात अवघड काय ते कळत नाही. मलाही नीट कळत नव्हतं, म्हणून वांद्र्याला पाश्चात्त्य गायन शिकवणाऱ्या एका मिसकडे गेले. त्यांनी फोनवर एक आरिया, म्हणजे ऑपेरातलं एकल गाणं, लावली आणि दोनदा माझ्यासमोर केली. आधी ध्वनिमुद्रणाबरोबर पूर्ण आवाजात, मग नुसते ओठ हलवून.

पहिल्या वेळी ओळ सुरू होण्याआधीच बरगड्या दोन्ही बाजूंना उघडल्या. गळ्याच्या खाचेत हालचाल झाली. वरच्या सुराला जबडा खाली सुटला, आणि सूर संपला तरी चेहरा लगेच मिटला नाही, पुढच्या श्वासापर्यंत तसाच राहिला. दुसऱ्या वेळी तोंड अगदी बरोबर उघडत होतं, पण श्वास उशिरा येत होता आणि स्वर संपताक्षणी ओठ बंद होत होते. बघताना मला आधी अस्वस्थ वाटलं, त्याचं कारण नंतर लक्षात आलं. मिस म्हणाल्या की ऑपेराचा आवाज माइकशिवाय वाद्यवृंदाच्या वरून पार शेवटपर्यंत पोचवायचा असतो, त्यासाठी सगळं अंग राबतं, आणि अंग खोटं बोललं की लगेच कळतं. आपलं सिनेगीत माइकला जवळून, हलक्या आवाजात गायलं जातं. त्यावर ओठ हलवणाऱ्या नटाची या अडचणीतून सुटका होते, ऑपेरा गायकाची होत नाही. म्हणून चित्रीकरणाच्या वेळीही खरोखर गाणं हाच खात्रीचा उपाय, मग तो आवाज कोणी वापरणार नसला तरी. एका प्रसंगाचे दहा टेक म्हणजे दहा वेळा गाणं.

याहून मोठी अडचण काळाची आहे. रंगमंचावर गायक एखाद्या सुरावर रेंगाळला तर संगीतसंचालक वाद्यवृंद थांबवून धरतो. दोघं एकमेकांकडे बघत पुढे जातात. प्लेबॅकवर कोणीच थांबत नाही. काही महिन्यांपूर्वी स्टुडिओत, साध्या कपड्यांत, समोर माइक असताना घेतलेला ठहराव आज घोड्यावर बसून किंवा जिना उतरताना जसाच्या तसा घ्यावा लागतो. त्या क्षणी तो नको वाटला तरीही. भूमिकेचे निम्मे निर्णय जागा बघण्याआधीच पक्के झालेले असतात. म्हणून गाण्याच्या मुद्रणाला दिग्दर्शक हजर हवा, असं मला या सगळ्यातून कळलेलं सर्वांत व्यावहारिक सत्य वाटतं.

कोणाचा आवाज, कोणाचा चेहरा

१९८४मध्ये फ्रांचेस्को रोझींनी ‘कार्मेन’ केला, खऱ्या अंदालुसियात, खऱ्या उन्हात. राइमोंदी त्यात बैलझुंजवीर एस्कामिल्लो झाले. त्याआधी आलँ रेने यांच्या एका चित्रपटात त्यांनी नट म्हणून काम केलं होतं. १९८९मध्ये आंद्रझेय झुवाव्स्की यांचा ‘बोरिस गोदुनोव्ह’ आला. त्यात झार बोरिस राइमोंदींचा, आवाज आणि देह दोन्ही त्यांचे. पण मारिनाच्या भूमिकेत आवाज गालिना विश्नेव्हस्काया यांचा आणि पडद्यावर एक तरुण नटी. विश्नेव्हस्काया यांचे पती, या चित्रपटाचे संगीतसंचालक रोस्त्रोपोविच, पुढे दिग्दर्शकाविरुद्ध न्यायालयात गेले. संगीतावर धापा टाकण्याचे, कण्हण्याचे असे जादा आवाज चढवले, ही त्यांची तक्रार होती. मला दोघांचीही बाजू कळते. संगीतकाराला ध्वनिमुद्रण म्हणजे पूर्ण झालेली कृती वाटते. चित्रपटवाल्याला तो कच्चा माल वाटतो.

आवाज आणि चेहरा अलग होण्याची सर्वांत हृदयद्रावक गोष्ट याच काळातली आहे. लुइजी कोमेंचीनी यांच्या ‘ला बोएम’साठी होसे कारेरास यांनी गाणी गाऊन ठेवली होती. १९८७मध्ये चित्रीकरण चालू असताना त्यांना रक्ताचा कर्करोग असल्याचं निष्पन्न झालं आणि त्यांना रुग्णालयात जावं लागलं. मग लुका कानोनीची या तरुण गायकाने पडद्यावर त्यांची जागा घेतली आणि कारेरास यांच्या आवाजावर नायक रोदोल्फोची भूमिका पार पाडली. कारेरास बरे झाले, पुन्हा गायले. पण तो चित्रपट बघताना मला प्रत्येक वेळी दोन माणसं दिसतात.

आपल्याकडे हे अलगपण रोजच्या सवयीचं आहे. ‘कट्यार काळजात घुसली’ २०१५मध्ये पडद्यावर आला, तेव्हा तीन प्रमुख गायक-पात्रांपैकी पंडितजी झालेले शंकर महादेवन तेवढे स्वतःच्या आवाजात गायले. खाँसाहेब दिसले सचिन पिळगावकर आणि ऐकू आले राहुल देशपांडे, सदाशिव दिसला सुबोध भावे आणि ऐकू आले महेश काळे. कोणाला काही खटकलं नाही. मूळ नाटकात मात्र खाँसाहेबांचा आवाज आणि चेहरा दोन्ही वसंतराव देशपांड्यांचे होते, आणि ते नाटक पाहिलेली माणसं अजूनही आधी त्यांच्या डोळ्यांबद्दल बोलतात. बालगंधर्वांनी १९३५मध्ये प्रभातच्या ‘धर्मात्मा’त एकनाथ महाराजांची भूमिका केली, तेव्हा बोलपटातलं गाणं बहुतेक चित्रीकरणाच्या वेळीच मुद्रित होत असे. त्याच वर्षी कलकत्त्याच्या न्यू थिएटर्सने प्लेबॅकची वाट दाखवली आणि गाणारा नट हळूहळू मागे पडला. संगीत नाटकांच्या गायक-नटांना राइमोंदींसारखी तीस वर्षांची पडद्यावरची कारकीर्द मिळाली असती, तर आज आपल्याकडे काय काय जपलेलं असतं, ही माझ्या मनातली खरी हळहळ आहे.

युरोपातली ती लाट तरी का आली आणि का ओसरली? एकदा गाणं मुद्रित झालं की त्याच्या तबकड्या वेगळ्या विकता येत. ‘डॉन जोव्हान्नी’च्या सीबीएसने काढल्या, ‘कार्मेन’ आणि ‘बोरिस’च्या एरातोने. चित्रपट आणि ध्वनिमुद्रण यांचा खर्च एकमेकांच्या आधाराने निघायचा. पुढे तबकड्यांचा धंदा बसला आणि तोस्कां द्यु प्लांतिएंसारखा ध्यास घेतलेला निर्मातासुद्धा २००३मध्ये गेला.

एक स्कार्पिया, दोन चित्रपट

राइमोंदींचा स्कार्पिया दोनदा चित्रित झाला. पहिला १९९२चा, थेट. दुसरा २००१मध्ये प्रदर्शित झालेल्या बेनुआ जाको यांच्या चित्रपटातला. त्यात तोस्का आंजेला घेओर्ग्यु, तिचा प्रियकर कावारादोस्सी रोबेर्तो अलान्या, संगीतसंचालक आंतोनियो पापानो. जाको यांनी एक धाडसी गोष्ट केली. रंगीत, पोशाखी प्रसंगांच्या मध्येच ते आपल्याला काळ्या-पांढऱ्या चित्रात स्टुडिओत नेतात. तिथे हेच गायक साध्या कपड्यांत माइकसमोर उभे राहून तीच ओळ गात असतात. प्लेबॅकचं गुपित त्यांनी प्रेक्षकासमोर उघडं केलं. त्यामुळे चित्रपटाची पकड सुटेल असं वाटतं, पण माझा अनुभव उलट होता. स्टुडिओत गाताना घट्ट मिटलेले डोळे बघितल्यावर, पुढच्याच क्षणी सेटवर उघडे असलेले डोळे अधिक भेदक वाटतात.

दुसऱ्या अंकात तोस्काची प्रसिद्ध आरिया आहे. प्रियकराचा छळ शेजारच्या खोलीत झालेला आहे, त्याला वाचवण्याची किंमत स्कार्पियाने सांगितली आहे आणि ती देवाला विचारते, माझ्याच वाट्याला हे का? साधारण तीन मिनिटं. तेवढा वेळ स्कार्पियाला एकही सूर नाही. नाट्यगृहात अनेक गायक या वेळी पाठ फिरवतात किंवा खिडकीशी जाऊन उभे राहतात, आणि ते शहाणपणाचंच आहे, कारण टाळ्या तोस्काच्या असतात. पडद्यावर अशी सुट्टी नाही. कॅमेरा कधीही त्याच्याकडे वळेल. त्याने ऐकलं पाहिजे, आणि ऐकूनही न बदलणारा माणूस दिसला पाहिजे. फाज्जोनींच्या हाताखाली उमललेल्या त्या लाजऱ्या मुलाचं न्याहाळणं इथे पूर्ण कामी येतं. राइमोंदी समोरच्याचं गाणं ऐकतात तेव्हा प्रसंग त्यांच्याकडे झुकतो. त्यांच्या गाण्यापेक्षाही मला हे मोठं वाटतं.

थेट प्रक्षेपणात आणखी एक परीक्षा होती. तोस्का त्याला सुरीने भोसकते, मग त्याच्या दोन्ही बाजूंना मेणबत्त्या ठेवते आणि छातीवर क्रूस. वाद्यवृंद हळूहळू उतरत जातो. इतका वेळ पूर्ण ताकदीने गाऊन आडव्या पडलेल्या माणसाला दम लागलेला असतो आणि त्याच छातीवर क्रूस ठेवलेला असतो. चित्रपटात कापाकाप करता येते. १९९२च्या त्या संध्याकाळी कॅमेरे बदलण्यापलीकडे काही करता येण्यासारखं नव्हतं.

तिसऱ्या अंकात स्कार्पिया नाहीच. पहाटे कावारादोस्सी झालेले दोमिंगो गच्चीवर आपली आरिया गायले. गायकाचा गळा त्या वेळी सहसा झोपेतून उठलेलाही नसतो.

मांतोव्हा आणि मुंबई

अठरा वर्षांनी त्या थेट ‘तोस्का’चे निर्माते आंद्रेआ आंदेरमान यांनी तोच प्रयोग व्हेर्दींच्या ‘रिगोलेत्तो’वर केला, मांतोव्हा शहरात, सप्टेंबर २०१०मध्ये. पुन्हा झुबिन मेहता, पुन्हा व्हित्तोरियो स्तोरारो यांची प्रकाशयोजना, पुन्हा दोमिंगो, या वेळी कुबड्या विदूषकाच्या बॅरिटोन भूमिकेत. राइमोंदी झाले भाडोत्री मारेकरी स्पाराफुचिले. छोटी भूमिका. अंधाऱ्या गल्लीत तो रिगोलेत्तोला गाठतो, आपला धंदा सांगतो, आणि जाताना स्वतःचं नाव एका खोल खर्जाच्या सुरावर लांबवतो. एकोणसत्तरीला टेकलेल्या गायकाने हे थेट प्रक्षेपणात गायचं, तेही वाद्यवृंद जवळ नसताना.

आज ऑपेरा पडद्यावर पोचतो तो मुख्यतः नाट्यगृहातल्या प्रयोगाच्या थेट प्रक्षेपणातून. मेट्रोपॉलिटनने २००६च्या डिसेंबरात ही प्रथा सुरू केली, आणि मुंबईत नरिमन पॉइंटला एनसीपीएमध्येही हे प्रयोग दाखवले जातात. मध्यांतरात बाहेर आलेले लोक गायकांच्या चेहऱ्यांबद्दल जेवढं बोलतात, तेवढंच आवाजाबद्दलही. आता प्रत्येक तरुण गायकाला कॅमेऱ्याची तयारी ठेवावी लागते, पण ती शेवटच्या रांगेला ऐकू जाणाऱ्या आवाजाबरोबर, एकाच वेळी. राइमोंदींच्या वेळी ही दोन कामं बहुतेकदा वेगवेगळ्या दिवशी व्हायची.

ज्यांनी यातलं काहीच पाहिलेलं नाही त्यांनी ‘डॉन जोव्हान्नी’पासून सुरुवात करू नये. तो तीन तासांचा आहे आणि थोडी ओळख झाल्यावर अधिक देतो. दोन्ही ‘तोस्का’ मिळवावेत, फक्त दुसरा अंक लावावा, आधी १९९२चा आणि मग २००१चा. तोस्काची आरिया सुरू झाली की पहिल्या वेळी तिच्याकडे बघावं. मग मागे जाऊन तीच तीन मिनिटं पुन्हा लावावीत आणि कॅमेरा जेव्हा जेव्हा संधी देईल तेव्हा तिचं ऐकणाऱ्या माणसावरच नजर ठेवावी.